जयपूरला नेलेल्या पाच कळ्या

जयपूरला जाऊन आले म्हटलं की लोक आधी विचारतात, "हवामहल पाहिलात?" पाहिला. ई-रिक्षातून, मान वळवून, साधारण वीस सेकंद. "आणि आमेरचा किल्ला?" तो राहिला. "मग सहा दिवस तिथे केलंत तरी काय?" मी फूल शोधत होते. हे उत्तर ऐकून लोक माझ्याकडे ज्या नजरेने बघतात ती मला आवडत नाही, म्हणून सगळं एकदाच सविस्तर लिहून टाकते.

सोमवार, पुणे विमानतळ

तपासणीच्या पट्ट्यावरून माझी पर्स गेली, स्वेटर गेला, शाल गेली. स्टीलचा डबा मात्र बाजूला काढला गेला. गणवेशातल्या बाईंनी तो उघडायला सांगितलं. आत ओलं फडकं, आणि फडक्यात जास्वंदीच्या पाच कळ्या, लहानीपासून मोठीपर्यंत ओळीने निजवलेल्या.

"ये क्या है?"

"कलियाँ. जास्वंद की."

"पूजा के लिए?"

"नहीं, काटने के लिए," मी म्हणाले, आणि विमानतळावर हे वाक्य बोलू नये हे मला जरा उशिरा कळलं. त्या बाईंनी ताबडतोब ब्लेड कुठे आहे म्हणून विचारलं. ब्लेड जयपूरला गेल्यावर विकत घेणार आहे, असं सांगून मी परिस्थिती आणखी बिघडवली. शेवटी मी शाळेत शिकवायचे तेच तिथे शिकवलं. हा हिरवा पेला, आत ह्या पाकळ्या, त्यांच्या आत पुंकेसर. माझा आवाज मुळात दणदणीत. मागच्या रांगेतल्या एका गृहस्थांनी मान डोलावलेली मी पाहिली. बाईंनी डबा बंद करून हातात दिला आणि "जाइए मैडम" म्हणाल्या, त्यात आदर किती आणि सुटका किती, ते मी शोधत बसले नाही.

मी कराडच्या मुलींच्या शाळेत चौतीस वर्षं विज्ञान शिकवलं. 'फुलाचे भाग' हा धडा मी दर वर्षी जास्वंदीवरच घेतला, कारण जास्वंद काही लपवत नाही. सगळ्यात बाहेर हिरवा निदलपुंज. कळी कोवळी असते तोवर उन्हावाऱ्यापासून, किड्यांपासून तिला सांभाळणं हे त्याचं काम. मग पाकळ्या, म्हणजे दलपुंज. त्यांचं काम दुकानाच्या पाटीचं: मधमाश्यांनो, इकडे या. मधली लांब दांडी म्हणजे पुंकेसरांची नळी, तिच्यावर पिवळे ठिपके, त्यांत पराग. त्या नळीच्या टोकातून बाहेर आलेले पाच मखमली लाल मणी म्हणजे कुक्षी. पराग येऊन टेकायचा तो इथे, आणि कुक्षीवृंतातून थेट खाली अंडाशयापर्यंत उतरायचा. अंडाशय तळाशी. ब्लेडने अलगद कापलं की आत पांढरे दाणे दिसतात, ती बीजांडं. "ह्याचंच पुढे फळ होतं," हे धड्याचं शेवटचं वाक्य. क्रम ठरलेला, बाहेरून आत. आणि उत्तर देणाऱ्या मुलीला माझं एकच सांगणं असे: "शेवटच्या बाकापर्यंत ऐकू आलं पाहिजे."

आता इराबद्दल. माझी धाकटी बहीण सुनंदा. तिचे यजमान दिलीपराव रेल्वेत होते, बदली होऊन जयपूरला गेले आणि जवाहर नगरात घर करून तिथलेच झाले. त्यांचा मुलगा अमोल विश्वकर्मा औद्योगिक क्षेत्रात एका कारखान्यात आहे, सून प्रियांका तिथल्याच सीकरची. इरा ही त्यांची मुलगी, वय दहा. मराठी कळतं, बोलताना मधेमधे हिंदीचा हात धरते.

गेल्या वर्षी शाळेत गोष्ट सांगायला ती माइकसमोर उभी राहिली आणि एक अक्षर न बोलता उभीच राहिली. मुलं हसली. तेव्हापासून ती वर्गात हजेरीलासुद्धा नुसता हात वर करते. आणि ह्या गुरुवारी शाळेत फुलांचा कार्यक्रम होता. प्रत्येक मुलाने पालकांसमोर एक फूल उलगडून त्याचे भाग सांगायचे. महिनाभर दर रविवारी मी कराडहून फोनच्या पडद्यावर जास्वंद धरली आणि इराने जयपूरहून सगळे भाग सांगितले. फोनवर घडाघडा. पण तिची अट होती.

"आजी, मला ना, मतलब, तेच वाला फूल पाहिजे. दूसरा नहीं चलेगा."

जानेवारीत जयपूरच्या थंडीत जास्वंद फुलत नाही. म्हणून डबा. कळ्या लहानमोठ्या घेतल्या, म्हणजे एकेक करत उमलतील आणि गुरुवारी सकाळी एक तरी हातात असेल. चौतीस वर्षांचा हिशेब होता, चुकायचा नव्हता.

मंगळवार, जवाहर नगर

जयपूरची थंडी आपल्या थंडीची थोरली बहीण आहे. आपल्याकडे स्वेटर घातला की थंडी संपते, तिथे स्वेटर घातल्यावर सुरू होते. रात्री मी दोन रजया घेतल्या आणि सकाळी जाग आली तेव्हा आठ वाजून गेले होते. बाहेर आले तर देवघरासमोर सुनंदा बसलेली, डोळे पुसत.

"ताई," ती म्हणाली, "तू बोलली पण नाहीस गं! फ्रिज उघडला दुधासाठी आणि बघते तर काय!"

तिच्या गणपतीच्या मस्तकावर माझी मोठी कळी पूर्ण उमललेली, लालभडक. उरलेल्या चार कळ्या दोन्ही बाजूंना, चंदनाचं बोट लावून.

दोष कोणाला देणार? मंगळवार होता. गणपती होता. घरात जास्वंद होती. मराठी बाईच्या हातून दुसरं काय घडणार? जयपूरला गणपतीचा वार बुधवार मानतात. त्या घरात दर आठवड्याला मंगळवार सासूचा आणि बुधवार सुनेचा साजरा होतो, पण दोन्ही दिवस झेंडूवरच. हिवाळाभर सुनंदाने बाप्पाला जास्वंद वाहिलेली नव्हती.

"एकसुद्धा मागे ठेवली नाही गं," सुनंदा म्हणाली. "तू एवढ्या लांबून आणलीस, मग मी का काटकसर करू?"

माझ्या तोंडात आलेलं वाक्य मी गिळलं. ते गिळायला किती कष्ट पडले हे मला ओळखणाऱ्यांना कळेल. तेवढ्यात इरा गणवेशात बाहेर आली. तिने देवघराकडे पाहिलं, मग माझ्याकडे. बूट घातले आणि शाळेच्या व्हॅनमध्ये जाऊन बसली. त्या पोरीने निदान रडायला तरी हवं होतं, असं मला वाटलं.

नऊ वाजता मी ई-रिक्षात होते. सुनंदाला सांगितलं, शहर बघायला चालले.

परकोट्याच्या, म्हणजे जुन्या शहराच्या तटाच्या, आतल्या फूलबाजारात झेंडूचे डोंगर असतात, अक्षरशः कमरेइतके. त्यात मोगऱ्याचे गजरे शोधणाऱ्याने निराश व्हावं. इथे माळ म्हणजे झेंडू आणि गुलाब. एका ढिगामागे मफलरमध्ये गुंडाळलेला विक्रेता बसला होता. मी जास्वंद विचारली, तिथे तिला गुडहल म्हणतात.

"माताजी, इस ठंड में तो गुड़हल भी रजाई में है," तो म्हणाला. "गेंदा ले जाइए."

आता झेंडू. झेंडूवर फुलाचे भाग शिकवायला जाणारा माणूस फसतोच, कारण तो एक फूल नाहीच. आपण जिला पाकळी म्हणतो, ती उपटून बघा: तिच्या बुडाशी तिचं स्वतःचं इवलंसं अंडाशय असतं. प्रत्येक पाकळी म्हणजे एक वेगळं फूल, आणि सगळी मिळून एका पाटावर जेवायला बसलेली. मी त्याचा एक झेंडू सोलून दाखवला.

"देखिए भैया, ये एक फूल नहीं है. इसमें सौ फूल हैं."

"तो सौ के पैसे दीजिए," तो म्हणाला. शेजारचे दोघे हसले, मीही हसले, आणि त्याने चहा मागवला. मग मी गुलाब पाहिला. बाजारातल्या भरगच्च गुलाबात पुंकेसरांच्या पाकळ्या होऊन बसलेल्या असतात. पाकळ्यांमागून पाकळ्या काढत जावं आणि आत पराग जेमतेम. दिसायला श्रीमंत आणि कामाच्या नावाने बोंब.

चहावर काहीतरी खायला हवं म्हणून कोपऱ्यावर मिरचीबडा घेतला. आपल्या मिरचीच्या भजीसारखाच असेल असं समजून पहिला घास मोठा घेतला. तो आपल्या भजीसारखा नसतो. एवढी जाड मिरची, आत बटाटा, बाहेर बेसन, आणि तिखट मागाहून येतं, बिल टाळायला मागे राहिलेल्या पाहुण्यासारखं रेंगाळत. कानांतून वाफा निघत असताना मी पुन्हा ई-रिक्षात बसले, थंड वाऱ्यात, आणि चालकाला रस्ताभर ओरडून पत्ते सांगत राहिले. ह्या तीन गोष्टींची किंमत दुसऱ्या दिवशी मोजली.

दुपारी सिटी बसने वैशाली नगरला एका रोपवाटिकेत गेले. तिथला माळी हात चोळत म्हणाला, "पाला मार गया जी. मार्च में आइए." त्याने मला दहिवराने करपलेली जास्वंद दाखवली. काळी पडलेली पानं, एकही कळी नाही. मला वाईट वाटलं. तिच्या शेजारी मात्र पेटुनियांच्या कुंड्यांची रांग हसत होती. एक जांभळी पेटुनिया घेतली. शास्त्राच्या दृष्टीने तिच्यात काही कमी नाही: पाच निदलं, पाच पुंकेसर, कुक्षी, अंडाशय, सगळं जागच्या जागी.

संध्याकाळी इरा माझ्यासमोर ब्लेड घेऊन बसली. हिरवी निदलं तिने नीट काढली. मग पाकळ्यांची ती कर्ण्यासारखी नळी ओढली, आणि नळीबरोबर पाचही पुंकेसर बाहेर आले. पेटुनियात ते पाकळ्यांनाच चिकटलेले असतात. मला हे माहीत होतं. सांगायचं मी विसरले.

"स्टेमेन तो निकल गया," इरा म्हणाली. "आजी, आता बादमध्ये काय सांगायचं?"

"अगं, चालतं! इथे ते चिकटलेले असतात, एवढंच सांगायचं. बोल पुन्हा. मोठ्याने. शेवटच्या बाकापर्यंत—"

तिने ब्लेड खाली ठेवलं. "ये वो वाला नहीं है," म्हणाली आणि आत गेली. प्रियांका स्वयंपाकघरातून बाहेर आली, कुंडी उचलून खिडकीत ठेवली आणि हळूच म्हणाली, "मौसीजी, आप खाना खा लीजिए." केर-सांगरीची भाजी आणि बाजरीची भाकरी होती. केर म्हणजे वाळवंटातल्या झुडपाची छोटी फळं, सांगरी म्हणजे खेजडीच्या, आपल्या शमीच्या, शेंगा, दोन्ही वाळवून वर्षभर ठेवतात. चव आंबूस, तुरट, फार छान. मी दोन भाकऱ्या खाल्ल्या, पण गप्प बसून. माझ्या एकाही प्रवासात असं कधी झालेलं नाही.

बुधवार, गच्चीतलं ऊन

सकाळी उठून मी "सुनंदा" अशी हाक मारली आणि घशातून वाळक्या पानावर पाय पडल्यासारखा आवाज आला. पुन्हा मारली. काही नाही. आवाज साफ गेला होता. दिलीपरावांनी गरम पाण्यात हळद-मीठ घालून दिलं आणि गंभीरपणे म्हणाले, "ताई, रेल्वेत सदतीस वर्षं इंजिनांच्या भोंग्यांत काढली. पण तुमचा आवाज बंद पडला तेव्हा खरी शांतता काय असते ते कळलं." सुनंदाने त्यांना दटावलं. मी काही बोलू शकले नाही, हेच मोठं दुःख होतं.

जयपूरला जानेवारीत घरोघरी एक उद्योग चालतो, तो आपल्याकडे ह्या प्रमाणात मी पाहिला नाही. मटार आले की दहा-दहा किलो घेतात, सगळ्या बायका उन्हात बसून सोलतात, आणि दाणे वर्षभरासाठी फ्रिजरमध्ये जातात. जवळच्या बस्सी गावाकडून आलेला मटार गोड, असं प्रियांका म्हणाली. दुपारी गच्चीवर सतरंजी पडली. मधे शेंगांचा हिरवा ढीग, भोवती सुनंदा, प्रियांका आणि मी. शेजारच्या गच्चीवर शर्मा भाभीजींचा वेगळा ढीग, आणि दोन गच्च्यांमध्ये सतत बातम्यांची देवाणघेवाण. कडुनिंबाच्या फांदीत संक्रांतीचा एक फाटका पतंग अडकलेला. दीड वाजता इरा शाळेतून आली, न जेवता माझ्या शेजारी बसली आणि शेंगा सोलायला लागली. तोंड एवढंसं झालेलं.

बराच वेळ नुसते दाणे ताटात पडत होते. मग तिने एक शेंग न सोलता हातात फिरवली.

"आजी, ये टोपी क्या है?"

शेंगेच्या देठाशी हिरवी टोपी असते, पाच टोकांची. आपण ती मोडून फेकतो. मी तोंड उघडलं, फुस्स झालं. एरवी पाच मिनिटं बोलले असते. आता एका हाताची मूठ केली, कळीसारखी मिटलेली, आणि ती टोपी मुठीच्या बुडाशी धरून बोटांनी मूठ झाकून दाखवली.

इरा बघत राहिली. "सेपल?"

निदलच! मी मान इतकी हलवली की डोक्यावरची शाल पडली.

ती पुन्हा शेंग बघायला लागली. टोपीच्या आत तिने नख घातलं. तिथे काही वाळके पांढरे धागे चिकटलेले होते. तिने माझ्याकडे पाहिलं, मी नुसत्या भुवया उचलल्या. "स्टेमेन सूख गए," ती स्वतःशीच म्हणाली. मग शेंग उलटी केली. दुसऱ्या टोकाला बारीक, वाळलेलं, किंचित वाकलेलं शेपूट होतं. ते तिने बोटाने हलवून पाहिलं, फार वेळ. सुनंदा काहीतरी बोलायला गेली तर मी तिच्या मांडीवर हात ठेवला.

"हे ते नळीवालं," इरा म्हणाली. "जिथे पराग खाली उतरतो. स्टाइल. आणि ह्याच्या टोकाला कुक्षी होती." मग तिने शेंगेवरून बोट फिरवलं. "मतलब ही शेंग... आजी, ही शेंग ओव्हरी आहे? आणि मटर बीजांडं?"

मी तिच्या पाठीवर थाप मारली. जरा जोरात बसली. शेंग तिने उभी उघडली. दाणे एकाच कडेला लागलेले, एक ह्या बाजूच्या सालीला, एक त्या बाजूच्या. प्रत्येकाला एवढासा देठ. टोकाला दोन टिकल्या, वाढ न झालेल्या.

"ये छोटे वाले, इन तक पराग नहीं पहुँचा होगा," ती म्हणाली. मग एकदम माझ्याकडे वळली. "आजी, मतलब फूल गेलं नाही! फूल यहीं है!"

मला बोलता येत असतं तर मी हे सगळं तिला आधीच सांगून टाकलं असतं, व्यवस्थित, क्रमाने, आणि ते तिचं झालं नसतं. हे मला तिथेच, मटार सोलताना कळलं आणि मी जरा ओशाळले. चौतीस वर्षांत कितीजणींच्या हातची अशी शेंग मी आधीच सोलून ठेवली असेल, कोण जाणे.

गुरुवार, शाळेचं सभागृह

सकाळी माझा स्टीलचा डबा दिसेना. शोधला तर इराच्या दप्तरात. आत ओलं फडकं, फडक्यात मटारच्या पाच शेंगा, लहानीपासून मोठीपर्यंत ओळीने निजवलेल्या. प्रियांका म्हणाली, काल संध्याकाळी तिने अर्धा ढीग उपसून त्या निवडल्या, टोपी आणि शेपूट दोन्ही शाबूत असलेल्या.

सभागृहात आम्ही चौथ्या रांगेत बसलो. अमोलने कामावरून दोन तासांची सुट्टी घेतली होती. मुलांनी गुलाब आणले होते, पेटुनिया आणल्या होत्या. एका मुलाने झेंडू आणला होता, तो बिचारा पाकळ्या उपटत राहिला, उपटत राहिला, आणि शेवटी हातात काहीच उरलं नाही तेव्हा "थँक यू" म्हणून खाली बसला. मला त्याच्यासाठी फार हळहळ वाटली. फूलबाजारातला तो माणूस आठवला.

मग इराचं नाव आलं. ती वर गेली, डबा टेबलावर ठेवला, उघडला, आणि सगळ्यात मोठी शेंग हातात धरली. शिक्षिका वाकून बघत होत्या. त्यांचा आवाज गोड होता, पण माइक चालू होता.

"बेटा, फूल कहाँ है?"

सभागृहात कोणीतरी हसलं. इराचा चेहरा मी ओळखला. गेल्या वर्षीचा चेहरा कसा असेल ते मला न बघता कळलं. ओठ मिटले, नजर पायांकडे. मी अर्धी उठले. काहीतरी सुचवायला तोंड उघडलं, सेपल म्हणायला, टोपी म्हणायला, काहीही म्हणायला. आवाज नव्हता. सुनंदाने माझा पदर धरून मला खाली बसवलं. आम्ही दोघी बहिणी एकमेकींचा हात घट्ट धरून बसलो, लहानपणी आईने रागावल्यावर बसायचो तशा.

मग इराने मान वर केली.

"मैम, ये फूल ही है," ती म्हणाली. "बाद वाला."

फार हळू म्हणाली. पुढच्या दोन रांगांना ऐकू गेलं असेल. पण मग ती थांबली नाही. आणि तिने सुरुवात माझ्या क्रमाने केली नाही. तिने आधी शेंग उघडली, दाणे दाखवले, म्हणाली की ही बीजांडं होती. मग ही साल म्हणजे अंडाशय, त्याचं काम त्यांना आत सांभाळणं. मग हे शेपूट, ह्याच्या टोकावर पराग टेकला आणि इथून खाली आला. मग वाळके धागे, ह्यांनी पराग बनवला आणि काम झाल्यावर सुकले. पाकळ्या नाहीत, कारण पाकळ्यांचं काम बोलवायचं होतं, बोलावून झालं, गळून गेल्या. आणि सगळ्यात शेवटी हिरवी टोपी. आतून बाहेर! मी जन्मभर मुलींना आधी दार दाखवलं, ही थेट माजघरात उभी राहून बाहेर आली.

आवाज इतका लहान होता की मागचे पालक उठून पुढे आले. कोणी खुर्च्या सरकवल्या नाहीत. टोपीशी आल्यावर तिने ती दोन बोटांत वर धरली.

"बाकी सब गिर गए या सूख गए," ती म्हणाली. "ये नहीं गिरी. अब बचाने का काम नहीं है, फिर भी पकड़ के बैठी है."

असं म्हणून तिने चौथ्या रांगेकडे पाहिलं का? सुनंदा म्हणते पाहिलं. माझ्या डोळ्यांत पाणी होतं, मला काही दिसलं नाही. मग इराने उरलेले दाणे शिक्षिकेच्या हातावर ठेवले, "खा लीजिए मैम, मीठे हैं," आणि सगळं सभागृह हसलं. ह्या खेपेला तीही हसली.

घरी येताना गाडीत इराने जास्वंदीची सगळी कहाणी दादीला, म्हणजे सुनंदाला, सांगून टाकली. सुनंदा माझ्याकडे वळली. "ताई! त्या कळ्या हिच्यासाठी होत्या? मग सांगायचं नाही का?" मी घशाकडे बोट दाखवलं. "मंगळवारी तर आवाज होता ना तुझा?" त्यावर माझ्याजवळ खूण नव्हती. आणि मग तिला सुचलंच. "बघ, मंगळवारी बाप्पाला दिलं आणि गुरुवारी बाप्पाने सव्याज परत केलं." विज्ञानाच्या शिक्षिकेसमोर असं विधान करून ती सहीसलामत सुटली, ही तिच्या आयुष्यातली पहिलीच वेळ.

शनिवार, पुन्हा गच्ची

निघायच्या दिवशी सकाळी माझा आवाज परत आला. घोगरा, पण स्वतःचा. सामान बांधून झालं होतं, गजकाचे, म्हणजे तिथल्या तीळगुळाच्या वड्यांचे, दोन डबे पिशवीत होते, आणि मी गच्चीवर ऊन खात बसले होते. इरा शेजारी, हातात ब्लेड. आता ती घरात दिसेल ते सगळं उघडून बघत होती. सकाळी वांग्याची टोपी तपासून झाली होती.

"आजी," ती म्हणाली, "जास्वंदीचं बादवालं कसं असतं?"

मी उत्तर द्यायला तोंड उघडलं आणि तसंच राहिलं. आमच्या कराडच्या अंगणातली जास्वंद सकाळी उमलते, संध्याकाळी मिटते आणि दुसऱ्या दिवशी देठासकट गळून पडते. बागेतली जास्वंद सहसा फळ धरत नाही, हे मी पुस्तकात वाचलेलं होतं. पण चौतीस वर्षं त्याच फुलाचं अंडाशय ब्लेडने कापून मी "ह्याचंच पुढे फळ होतं" म्हणत आले, आणि जास्वंदीचं फळ मी स्वतः कधी पाहिलेलं नाही. एकाही मुलीने विचारलं नव्हतं. विचारायला मी कधी थांबलेच नव्हते.

"माहीत नाही," मी म्हणाले.

इराने ब्लेड खाली ठेवलं. "मतलब तुला माहीत नाही?"

"नाही गं. पाहिलंच नाही मी."

ती ताडकन उठली, जिन्याच्या तोंडाशी धावली आणि खाली ओरडली, "दादी! मम्मी! कराडवाल्या आजीला माहीत नाही!" खालून काही उत्तर आलं नाही म्हणून पुन्हा ओरडली, हिंदीत. तिसऱ्यांदा तर शेजारच्या गच्चीवर शर्मा भाभीजी मटारचं ताट हातात घेऊन उभ्या राहिल्या, आणि खाली रस्त्यावर भाजीवाल्याने गाडा थांबवून वर पाहिलं.

शेवटच्या बाकापर्यंत ऐकू गेलं.